‘फँड्री’ : सामान्यनाम, संबोधन, विशेषनाम

१

चित्रपटातील प्रयोगशीलतेचा विचार करताना समीक्षकांचे लक्ष प्रायः दृश्यरचनेकडे जाते. कॅमेऱ्याची गती, दृश्यांची लांबी, काळाची मोडतोड, कथानकाचा त्याग या गोष्टी दिसल्या म्हणजे चित्रपट प्रायोगिक ठरतो. कुमार शहानी यांचा ‘माया दर्पण’ (१९७२) किंवा मणी कौल यांचे नाव ज्याच्याशी निगडित आहे तो मराठी ‘घाशीराम कोतवाल’ (१९७६) हे चित्रपट या अर्थाने प्रायोगिक होत, याविषयी दुमत होण्याचे कारण नाही. स्मृतीसंबंधीही असाच एक रूढ समज आहे. पात्राला पूर्वायुष्य आठवावे, पडद्यावर जुने प्रसंग यावेत, आणि भूत व वर्तमान यांची सरमिसळ व्हावी, म्हणजे चित्रपट स्मृतीविषयी आहे असे मानले जाते.

या दोन्ही कसोट्या लावल्या तर नागराज मंजुळे यांचा ‘फँड्री’ (२०१३) हा चित्रपट प्रायोगिकही ठरत नाही आणि स्मृतिविषयकही ठरत नाही. त्याची कथा सरळ काळक्रमाने पुढे जाते. एका शाळकरी मुलाचे एका मुलीवर अव्यक्त प्रेम असते. त्याच्या कुटुंबाला गावातील डुकरे पकडावी लागतात, आणि नेमक्या त्या मुलीसमोर त्याला ते काम करावे लागते. एवढाच कथाभाग. तरीही या चित्रपटात एक गंभीर प्रयोग आहे, आणि त्या प्रयोगाचे क्षेत्र दृश्य नसून शब्द आहे. ज्या शब्दात एका समाजाची ओळख आणि स्मृती साठविलेली आहे, त्या शब्दाचे व्याकरणातील स्थान हा चित्रपट टप्प्याटप्प्याने बदलीत जातो. प्रस्तुत लेखाचा विषय तो शब्द आणि त्याचे हे स्थानांतर हाच होय.

दिग्दर्शकाविषयी थोडी माहिती येथे आवश्यक आहे. श्री. मंजुळे यांचा जन्म १९७७ साली सोलापूर जिल्ह्याच्या करमाळा तालुक्यातील जेऊर येथे, वडार समाजात झाला. पुणे विद्यापीठातून त्यांनी मराठी विषयाची एम. ए. पदवी घेतली व पुढे अहमदनगर येथे संज्ञापनशास्त्राचे शिक्षण घेतले. ‘उन्हाच्या कटाविरुद्ध’ हा त्यांचा कवितासंग्रह प्रसिद्ध असून सोलापूरच्या भैरुरतन दमाणी साहित्य पुरस्काराने तो गौरविला गेला आहे. शाळेची ओढ असलेल्या एका मुलाची कथा सांगणाऱ्या ‘पिस्तुल्या’ या लघुपटास अठ्ठावन्नाव्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत, तर ‘फँड्री’स एकसष्टाव्या पुरस्कारांत दिग्दर्शकाच्या पहिल्या चित्रपटासाठी असलेला सन्मान मिळाला. कवी प्रथम व दिग्दर्शक नंतर, हा क्रम लक्षात ठेवला म्हणजे त्यांच्या चित्रपटांत शब्दाला मिळालेले महत्त्व आकस्मिक वाटत नाही.

२

‘फँड्री’ हा शब्द मराठी नाही. तो कैकाडी भाषेतील असून त्याचा अर्थ डुक्कर असा आहे. कैकाडी समाज महाराष्ट्रात शतकानुशतके राहात आला आहे. टोपल्या, कणग्या, डाली विणणे हा त्याचा परंपरागत व्यवसाय. त्याची घरातील भाषा मात्र द्राविड कुळातील. ग्रियर्सनच्या भारतीय भाषासर्वेक्षणाच्या चौथ्या खंडात (१९०६) कैकाडीचा विचार तमिळच्या परिवारात केलेला आढळतो.

सोलापूरच्या वाचकाला या शब्दाचे कूळ ओळखण्यासाठी कोश उघडण्याचे फारसे कारण नाही. शहराच्या पूर्व भागातील तेलुगू भाषक विणकरांच्या घरात डुकराला ‘पंदि’ म्हणतात. अक्कलकोट व दक्षिण सोलापूर या तालुक्यांतील कन्नड भाषक त्याला ‘हंदि’ म्हणतात. तमिळच्या ग्रांथिक उच्चारात हाच शब्द ‘पन्ड्रि’ असा ऐकू येतो. जुन्या कन्नडातील शब्दारंभीचा ‘प’ पुढे ‘ह’ झाला, म्हणून दुधाला तमिळमध्ये ‘पाल्’ व कन्नडमध्ये ‘हालु’ हे शब्द आहेत. ‘पंदि’ व ‘हंदि’ यांचा संबंधही तसाच. कैकाडी शब्दाकडे या मालिकेत पाहिले असता दोन गोष्टी ध्यानात येतात. त्याचा आद्य ध्वनी कन्नडप्रमाणे कंठात गेला नाही, तो ओठांवरच राहिला. आणि तेलुगू व कन्नड या दोन्ही मोठ्या शेजारी भाषांनी गमावलेला ‘र’कार त्याने टिकवून धरला आहे. लिपी नसलेल्या, शाळेत न शिकविल्या जाणाऱ्या आणि राजाश्रयाचा स्पर्श न झालेल्या एका बोलीने एक जुना ध्वनी या रीतीने जतन केला. मराठी मुलखात राहून, मराठीत व्यवहार करून, पिढ्यान्‌पिढ्या गावाच्या कडेला वस्ती करूनही तो लोपला नाही.

स्मृती या शब्दाचा येथे अभिप्रेत असलेला अर्थ यावरून स्पष्ट होईल. व्यक्तीला आपण काय आठवतो हे ठाऊक असते. समाजाच्या भाषेत मात्र अशी पुष्कळ स्मृती असते की जिची जाणीव बोलणाऱ्यालाही नसते. चित्रपटातील माने कुटुंबाला आपले पूर्वज कोठून आले याची चिंता करण्याएवढी सवड नाही. ते आठवण्याचे काम त्यांच्या तोंडातील शब्द करतो.

या समाजावर बाहेरून लादलेली दुसरी एक ओळखही आहे. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने आणि त्याच्या पुढील विस्ताराने ज्या जमाती जन्मतः गुन्हेगार ठरविल्या गेल्या, त्यांत कैकाडीही होते. सोलापूर शहरात अशा जमातींसाठी तारेच्या कुंपणाची वसाहत होती. तिला आजही ‘सेटलमेंट’ या नावाने ओळखतात. १९५२ साली हा कायदा रद्द झाला व या जमाती ‘विमुक्त’ म्हटल्या जाऊ लागल्या. आज विदर्भातील जिल्ह्यांत कैकाडी समाज अनुसूचित जातींत मोडतो, तर उर्वरित महाराष्ट्रात तो विमुक्त जातींत मोडतो. एकच समाज, परंतु जिल्ह्याची सीमा ओलांडली की त्याचे शासकीय नाव बदलते. ओळख ही आतून उगवते त्यापेक्षा अधिक वेळा बाहेरून पुकारली जाते, हे या इतिहासावरून दिसून येते. ‘फँड्री’ चित्रपटाचा गाभा नेमका येथेच आहे.

३

कैकाडी घरात ‘फँड्री’ हे एक सामान्यनाम आहे. झाड, पाणी, भाकरी या शब्दांइतकेच ते निरुपद्रवी आहे. त्यात तिरस्कार नाही, कारण सामान्यनामाला तिरस्कार करावयाचा नसतो. त्याला केवळ पदार्थाचा निर्देश करावयाचा असतो.

हाच शब्द गावाच्या तोंडी जातो तेव्हा त्याचे व्याकरण पालटते. चित्रपटाच्या उत्तरार्धात गावातील पालखीत डुक्कर शिरते, आणि ती डुकरे पकडण्याचे काम कचरू माने याच्यावर येऊन पडते. शाळेजवळच्या मोकळ्या जागेत सारे कुटुंब डुकरामागे धावत असते आणि गावकरी खेळाचा सामना पाहावा तसे कडेला बसून पाहात असतात. जब्या प्रथम लपून राहतो. ज्या शालूवर त्याचे मन जडले आहे तीही पाहणाऱ्यांत असते व हसतही असते. या प्रसंगी गावातील टवाळ पोरे ‘फँड्री’ हा शब्द उचलतात आणि तो माणसांवर फेकतात. आता हा शब्द डुकराचे नाव राहिलेला नाही. त्याला संबोधन विभक्ती लागली आहे. निर्देश करणारा शब्द हाक मारणारा शब्द झाला.

या बदलातील क्रूरता बारकाईने पाहण्यासारखी आहे. गावाजवळ शिव्यांची वाण नव्हती. मराठीत डुक्कर हा शब्दही शिवीसारखा वापरता येतोच. तथापि गावाने त्या कुटुंबाच्या स्वतःच्या भाषेतील शब्द निवडला. परक्या भाषेतील शिवी बाहेरून लागते. आपल्याच घरातील शब्द शिवी होऊन परत येतो तेव्हा तो घरातील वापरालाही विटाळून टाकतो. त्यानंतर आईने सहज उच्चारलेला तोच शब्द मुलाच्या कानाला पूर्वीसारखा लागत नाही. अनेक घरांतून बोली कशी नाहीशी होते, याचे उत्तर लोकसंख्येच्या तक्त्यांत शोधण्यापेक्षा अशा प्रसंगांत अधिक सापडेल. मुलगा बोली विसरत नाही, तो ती टाकून देतो. विस्मरण आणि त्याग यांतील हा भेद हा चित्रपट जितक्या स्पष्टपणे दाखवितो, तितका क्वचितच कोठे दाखविला गेला असेल.

तिसरी अवस्था चित्रपटाच्या शीर्षकाची. ज्या शब्दाची शिवी झाली तोच शब्द दिग्दर्शकाने चित्रपटाचे विशेषनाम म्हणून निवडला, आणि भित्तिपत्रकावर तो भाषांतर न करता छापला. २०१४ च्या फेब्रुवारीत हा चित्रपट प्रदर्शित झाला तेव्हा या शब्दाचा अर्थ काय, हा प्रश्न महाराष्ट्रातील असंख्य मराठी प्रेक्षकांना प्रथमच पडला. मराठी भाषकाने कैकाडी शब्दाचा अर्थ कैकाडी माणसाला विचारावा, असे प्रसंग या भूमीत फारसे येत नाहीत. एरवी अर्थ विचारण्याची व आपला अर्थ लपविण्याची वेळ दुसऱ्या बाजूवर येत असते. शीर्षकाने ही दिशा उलटविली.

सामान्यनाम, संबोधन व विशेषनाम हा क्रम ध्यानात घेतला म्हणजे अखेरच्या दगडाचा अर्थ वेगळ्या रीतीने लागतो. चित्रपटाच्या आरंभी जब्या गलोल घेऊन काळ्या चिमणीमागे फिरतो. तिची राख टाकली म्हणजे इच्छित व्यक्ती वश होते अशी त्याची समजूत असते. शेवटी तो हातात दगड घेतो व टवाळखोरांवर भिरकावतो. तो दगड सरळ कॅमेऱ्याच्या दिशेने येतो आणि पडदा काळा होतो. या दगडाविषयी बरेच लिहिले गेले आहे. बहुतेकांनी त्यास विद्रोहाचे प्रतीक म्हटले आहे, आणि ते चूक नाही. परंतु प्रतीक म्हटल्याने त्याचे कार्य सांगून होत नाही. तोपर्यंत प्रेक्षक हा तृतीय पुरुषात होता. ‘तो’ जब्या, ‘ते’ गावकरी, आणि या दोहोंकडे पाहणारा सुरक्षित प्रेक्षक, अशी व्यवस्था होती. दगड पडद्याच्या रोखाने येतो तेव्हा प्रेक्षक प्रथमच द्वितीय पुरुषात येतो. ज्याला आजवर नुसतीच हाक मारली जात होती त्याने आता हाक मारली आहे, आणि ती ‘तू’ म्हणून प्रेक्षकाला मारली आहे. संबोधनाला संबोधनाने दिलेले हे उत्तर होय.

४

ओळखीचा प्रश्न शाळेपासून वेगळा करता येत नाही, याची जाणीव मंजुळे यांच्या जवळजवळ प्रत्येक कृतीत आहे. ‘फँड्री’तील वर्गात चोखामेळ्याचा अभंग शिकविला जातो. चोखामेळा हा मंगळवेढ्याचा व पंढरपूरचा, म्हणजे याच जिल्ह्याचा संत. गावकुसाचे काम चालू असता भिंत कोसळून त्याचा अंत झाला असे परंपरा सांगते. ज्या गावकुसाबाहेर त्याला राहावे लागले तेच बांधताना तो गेला. शाळा त्याचे काव्य पाठ करून घेते. परंतु त्या काव्याचा आणि बाकावर बसलेल्या मुलाचा संबंध जोडण्याचे काम ती करीत नाही. पुढे पकडलेले डुक्कर काठीला बांधून माने कुटुंब ज्या भिंतीसमोरून जाते, तिच्यावर डॉ. बाबासाहेब आंबेडकर व सावित्रीबाई फुले यांच्यासारख्यांची चित्रे रंगविलेली आहेत. कॅमेरा तेथे थांबून काही बोलत नाही. शाळेच्या आतील अभंग आणि शाळेबाहेरील भिंत या दोन्ही ठिकाणी समतेची स्मृती आहे. अभाव आहे तो तिच्याशी नाते सांगण्याच्या अधिकाराचा.

राष्ट्रगीताचा प्रसंग याच्या पुढचा आहे. डुक्कर हाताशी आले असतानाच शाळेतून राष्ट्रगीत सुरू होते. जब्या ताठ उभा राहतो, आणि त्याच्यामागून घरातील माणसेही थांबतात. हा प्रसंग उपहासाचा आहे असे मानण्याकडे कल दिसतो. वस्तुतः त्यात उपहासापेक्षा गंभीर असे काही आहे. या गीतात ‘मराठा’ आणि ‘द्राविड’ ही दोन्ही नावे शेजारीशेजारी येतात. मराठी मुलखात द्राविड भाषा बोलणारे हे कुटुंब दोन्ही नावांवर हक्क सांगू शकते. ते उभे राहते ते भीतीने नव्हे, तर शाळेने शिकविलेला तो एक धडा त्याने खरा मानला आहे म्हणून. गीत संपते आणि धावपळ पुन्हा सुरू होते.

‘पावसाचा निबंध’ या लघुपटात हाच विचार अधिक मर्यादित क्षेत्रात येतो. २०१७ च्या राष्ट्रीय पुरस्कारांत या लघुपटाच्या दिग्दर्शनासाठी मंजुळे यांचा गौरव झाला. शाळेत मुलाला पावसावर निबंध लिहावयास सांगितले जाते. मराठी शाळेतील निबंधाचा पाऊस कसा असतो हे सर्वांस ठाऊक आहे. तो हिरवळ आणतो, इंद्रधनुष्य दाखवितो, शेतकऱ्यास आनंदित करतो. मुलाच्या घरी येणारा पाऊस छपरातून गळतो. दारू पिऊन पडलेल्या बापाला त्याच पावसातून घरी आणावे लागते. निबंध लिहिण्यास पुरेल एवढी कोरडी जागा घरात उरत नाही. येथे अनुभव कमी पडलेला नाही. अनुभव इतका आहे की त्याला शाळेच्या वाङ्मयप्रकारात जागा नाही. प्रमाणभाषा व बोली यांतील अंतर शब्दांचे असते असे आपण शिकवितो. या लघुपटाने ते अंतर वाङ्मयप्रकाराचेही असते हे दाखविले आहे, आणि भाषाशिक्षणाच्या अभ्यासकांनी या मुद्द्याची स्वतंत्र दखल घ्यावयास हवी.

५

आता एका आक्षेपाचा विचार करणे अवश्य आहे. मंजुळे हे वडार समाजातील आणि जब्या कैकाडी. मग ही स्मृती कोणाची? चित्रपटास आत्मचरित्राचा आधार आहे असे म्हणावे, तर दिग्दर्शकाने स्वतःचा समाज बदलून का घेतला?

या ठिकाणी लक्ष्मण माने यांच्या ‘उपरा’ (१९८०) या आत्मकथनाचे स्मरण होणे स्वाभाविक आहे. कैकाडी जीवन मराठी साहित्यात प्रथम ठसठशीतपणे आणणारा हा ग्रंथ १९८१ च्या साहित्य अकादमी पुरस्काराचा मानकरी ठरला. आत्मकथनाचे बळ ‘मी’ या सर्वनामात असते. लेखक, निवेदक व नायक ही एकच व्यक्ती आहे, या करारावर वाचकाचा विश्वास उभा असतो. चित्रपटाला असा करार करता येत नाही. पडद्यावर ‘मी’ नसतो. दिसणारा प्रत्येक माणूस तृतीय पुरुषीच असतो. ‘फँड्री’त मंजुळे स्वतः चंक्या या सायकल दुरुस्त करणाऱ्याच्या भूमिकेत दिसतात, जब्याच्या नव्हे. आपल्या पूर्वायुष्याशी जुळणाऱ्या मुलाला धीर देणाऱ्या माणसाच्या जागी ते उभे आहेत.

वडारांची बोली तेलुगूशी संबंधित व कैकाड्यांची तमिळशी, परंतु दोन्ही द्राविड, दोन्ही मराठी गावाच्या कडेला, दोन्ही घराबाहेर पडताना उंबऱ्याआत ठेवावयाच्या. अनुभव एका समाजाचा आणि शब्द दुसऱ्याचा, ही देवघेव भाषेच्या अभ्यासकाला अपरिचित नाही. दोन भाषा शेजारी नांदतात तेथे शब्दांची उसनवारी होतेच. म्हणून या बदलाकडे सत्यापासून ढळणे म्हणून पाहण्याऐवजी, व्यक्तीच्या स्मृतीला समूहाच्या स्मृतीत पोहोचविण्याचा मार्ग म्हणून पाहणे अधिक युक्त ठरेल. ‘ही माझी कथा’ असे म्हटले असते तर सहानुभूती मिळाली असती, आणि ती एका माणसापाशी संपली असती.

तथापि चित्रपटाची एक मर्यादा मान्य केलीच पाहिजे. ‘फँड्री’तील बहुतांश संवाद ग्रामीण मराठीत आहेत. कैकाडी ही घरगुती बोलण्याच्या कडेला राहते. प्रेक्षक चित्रपटगृहातून बाहेर पडतो तेव्हा त्याच्याजवळ कैकाडीतील एकच शब्द असतो, आणि तोही डुकराचा. ज्या भाषेत अंगाईही असेल, नात्यांची नावेही असतील, टोपली विणताना लागणाऱ्या प्रत्येक काडीचे व गाठीचे नावही असेल, ती भाषा मराठी जगाला डुकराच्या नावाने तेवढी ओळखीची व्हावी, हा या यशाचा दुसरा पैलू होय. अपमानाचा शब्द परत मिळविणे हे मोठे कार्य खरे, पण त्यामुळे अपमानच ओळखीचे केंद्र बनून राहण्याचा धोका असतो.

पुढील ‘सैराट’ (२०१६) या चित्रपटात भाषेचा हाच प्रश्न वेगळ्या वाटेने येतो. तेथे करमाळ्याकडील बोली नायिकेच्या तोंडी अधिकाराने येते. मराठीत सांगून कळत नसेल तर इंग्रजीत सांगू का, असे विचारणाऱ्या आर्चीचा दरारा बोलीचा न्यूनगंड झुगारून देतो. परंतु हा दरारा पाटलाच्या मुलीचा आहे हे विसरून चालणार नाही. तीच मुलगी पर्श्यासह हैदराबादेस जाते तेव्हा भोवतालची भाषा तेलुगू होते, आणि तिच्या बोलण्यातील अधिकार पाहतापाहता नाहीसा होतो. बोलीची प्रतिष्ठा बोलीत नसून बोलणाऱ्याच्या सामाजिक स्थानात असते, हा समाजभाषाविज्ञानातील मूलभूत सिद्धांत एवढ्या दोन भागांत सिद्ध होतो. अखेरीस रक्ताने माखलेली पावले उमटवीत मूल बाहेर येते, तेव्हा पडद्यावर ध्वनीच नाही. ‘फँड्री’चा शेवट संबोधनाने झाला होता. ‘सैराट’च्या शेवटी संबोधन करावयास कोणी उरलेले नाही. लोकांनी मात्र आर्चीच्या संवादांची नक्कल घरोघर केली आणि ही शांतता बाजूस ठेवली. लोकप्रियतेने कलाकृतीचा कोणता भाग उचलला व कोणता सोडला, हेही समीक्षेने नोंदविणे अगत्याचे आहे.

६

वरील विवेचनाचा निष्कर्ष असा की, मंजुळे यांच्या चित्रपटांतील ओळख व स्मृती यांचा शोध प्रामुख्याने भाषिक आहे. ते गतकाळाचे चित्र रंगवीत नाहीत. वर्तमानातील एखाद्या शब्दात, निबंधाच्या विषयात वा मौनात गतकाळ कसा वावरतो ते दाखवितात. त्यांचा प्रयोग डोळ्यांपेक्षा कानांस अधिक जाणवणारा असल्यामुळे तो प्रयोग आहे हेच पुष्कळदा ध्यानात येत नाही.

सोलापुरात या निष्कर्षाला केवळ सैद्धांतिक महत्त्व नाही. या जिल्ह्यातील महाविद्यालयांच्या वर्गांतून वडारी, कैकाडी, पारधी, गोरमाटी, तेलुगू, कन्नड, दखनी बोलणाऱ्या घरांतील विद्यार्थी मराठीच्या पदवीचा अभ्यास करतात. हजेरीच्या वेळी त्यांचे नाव पुकारले जाते. त्यांच्या घरात टोपलीला, पावसाला किंवा डुकराला काय म्हणतात हे मात्र त्यांना अभ्यासाचा भाग म्हणून क्वचितच विचारले जाते. ‘फँड्री’ने एक शब्द शिवीतून सोडवून शीर्षकापर्यंत आणला. त्या भाषेतील उरलेल्या शब्दांची नोंद, ते ज्यांच्या तोंडी आहेत त्यांच्याच साहाय्याने आणि ते टाकून दिले जाण्यापूर्वी करणे, हे काम चित्रपटाचे नव्हे. ते विद्यापीठातील भाषाविभागांचे आहे.